एकाच झाडाची गल्ली

गल्लीतल्या रानचेरींना त्या वर्षीही फळ धरले नाही. बहर मात्र असा आला होता की, प्रत्येक फाटकाशी कोणी तरी धुतलेली चादर वाळत टाकून विसरून गेले आहे असे वाटावे. पाकळ्या गळाल्यावर देठांच्या टोकांशी बारीक हिरवे दाणे दिसू लागले, चार दिवसांत पिवळे पडले आणि तेही गळून गेले. हे तिसरे वर्ष. दोष कोणाचा, हे गल्लीने केव्हाच ठरवून टाकले होते. टोकाच्या शेडमध्ये एक माणूस जुन्या लाकडी सामानाला पॉलिश करीत असे. लाख आणि स्पिरिट यांच्या वासामुळे मधमाश्या गल्लीत फिरकत नाहीत, माश्या नाहीत म्हणून फळ नाही, असे गणित मांडले गेले. आणि त्याने दुसरीकडे जागा बघावी, असे सगळ्यांनी मिळून त्याला सांगितले. वाद न घालता तो "बरं" म्हणाला होता. येत्या रविवारी शेड रिकामी व्हायची होती.

हे गणित मांडले होते पुरावाकाकांनी.

काका बियाणे तपासणीच्या प्रयोगशाळेत नोकरीला होते. भुते, मुहूर्त, सर्दीवरचे घरगुती उपाय आणि थोरल्या बहिणीला पडणारी स्वप्ने या सगळ्यांवर त्यांचा एकच प्रश्न असे, "पुरावा?" हे नाव गल्लीतल्या पोरांनी ठेवले, मोठ्यांनी उचलले, आणि काकांनी ते पदवीसारखे मिरवले. रानचेरीही त्यांचाच शोध होता. गावाबाहेरच्या बंद पडलेल्या खाणीत त्यांना ते झाड दिसले, तेव्हा त्यांनी लगेच काहीच जाहीर केले नाही. एक अख्खे वर्ष ते जाऊन येऊन राहिले. पानाच्या देठावर, पात्याच्या अगदी खाली, दोन तांबड्या ग्रंथी, खोडावर आडव्या रेघा आणि पट्ट्यासारखी सुटणारी साल, फुलांचे झुबके, आणि वाटाण्याहून थोडे मोठे, कडवट गोड फळ. बागेतून पळालेली कलमी जात नव्हे, इथली मूळची रानचेरी, याची खात्री झाल्यावरच त्यांनी तोंड उघडले. मग त्या झाडाच्या मुळांतून फुटलेले धुमारे त्यांनी मुळांसकट काढले, कुंड्यांत जगवले आणि घरोघरी वाटले. पॉलिशवाल्यालाही एक दिले. ती झाडे वाढली, फुलली, आणि तिथेच थांबली.

शुक्रवारी सकाळी काका बहिणीला घेऊन खाणीकडे निघाले. मूळ झाड फळांनी लगडलेले असणार, हे त्यांना ठाऊक होते. टोपलीभर फळे आणायची आणि शेड उठल्यावर आपल्या गल्लीत काय पिकेल ते लोकांना दाखवायचे, असा त्यांचा बेत होता.

"बिचाऱ्याला घालवून वर चेरी वाटणार होय रे?" ताई टोपली सावरत म्हणाली. "पेढे वाटावेत तशा?"

"घालवत कोण आहे? कारण शोधलं मी. निर्णय गल्लीनं घेतला."

"हो, तू फक्त काडी ओढलीस. जाळ आपला आपणच झाला."

 भाऊ-बहिणीच्या वादात ताईचा शेवटचा शब्द हा काकांना निसर्गनियमासारखा वाटे; त्याला विरोध करण्यात अर्थ नव्हता.

झाड खरोखरच लगडलेले होते. खालच्या फांद्या फळांच्या भाराने झुकल्या होत्या आणि वर पक्ष्यांचा गोंगाट चालला होता. ताईने एक फळ तोंडात टाकले, तोंड वेडेवाकडे केले आणि लगेच दुसरे टाकले. काका समाधानाने बघत उभे राहिले. सरळ खोड, निर्दोष पाने. पुस्तकातल्या चित्रासाठी उभे राहावे असे झाड.

"आणि ते कोणतं रे?" ताईने आठळी थुंकून बोट दाखवले.

कपारीपाशी एक वाकडे, खुरटे झाड होते. त्यालाही फळे होती.

"ते सोड. ते मी तेव्हाच बाद केलं. त्याच्या काही पानांवर एकच ग्रंथी होती, काहींवर एकही नव्हती. कलमी चेरीचं रक्त मिसळलं असावं, असा संशय आला. संशयास्पद माल मी गल्लीत कशाला आणू?"

"म्हणजे सगळ्यांच्या दारची झाडं या एकट्याची?"

"या एकट्याचीच. त्यात भेसळ होऊच नये म्हणून तर मी एकाच..."

वाक्य तिथेच राहिले. ताई फळे तोडत होती, म्हणून तिच्या ते लगेच लक्षात आले नाही.

रानचेरीचे झाड स्वतःच्या परागाने फळत नाही. त्याला दुसऱ्या झाडाचा पराग लागतो. धुमारा म्हणजे दुसरे झाड नव्हे. ते तेच झाड, फक्त दुसऱ्या जागी उभे असलेले. विद्यार्थिदशेत काकांनी यावर उत्तरपत्रिका लिहिली होती आणि चांगले गुण मिळवले होते. पण गल्लीत त्या झाडांना निरनिराळ्या कुंड्या मिळाल्या, निरनिराळी फाटके मिळाली, नर्सबाईंचे झाड, ताईचे झाड अशी नावे मिळाली. आणि काकांनीही ती निरनिराळी मोजली. गल्लीभर एकच झाड उभे होते. त्याला सोबतीला हवे होते ते कपारीतले वाकडे, आणि ते काकांनी शुद्धतेसाठी वगळले होते.

ते कपारीपाशी गेले. दगडावर हात टेकून त्यांनी वाकड्या झाडाची एक फांदी खाली ओढली. सावलीतल्या पानांवर ग्रंथी अपुऱ्या होत्या. उन्हातल्या प्रत्येक पानावर मात्र दोन ग्रंथी होत्या, तांबड्या आणि स्पष्ट. पहिल्या वेळी त्यांनी हाताला आली ती, सावलीतलीच पाने बघितली होती.

"काय झालं? तोंड का असं उतरलं?" ताई जवळ आली.

"वासाचा काही संबंध नाही, ताई."

"कसल्या वासाचा?"

"पॉलिशच्या. माझं चुकलं."

ताईने टोपली खाली ठेवली. तिला जिंकण्याची ही आयती संधी होती, आणि तिने ती घेतली नाही. काकांना तेच जास्त लागले.

परतताना ते शेडपाशी थांबले. ताई न बोलता पुढे गेली. फाटकाजवळची रानचेरी गल्लीतल्या कोणत्याही झाडाहून अधिक जोमदार होती. तिच्या बुंध्याभोवती आळे नीट बांधलेले होते. दार अर्धे उघडे होते. आत पॉलिशवाला एका कपाटाची दारे सुतळीने बांधत होता.

"या. बसायला आता काही उरलं नाही. खुर्च्या काल गेल्या."

काका उभेच राहिले. त्यांनी सुरुवात केली ती परागीकरणापासून. मग वाणांच्या परस्परसुसंगतीविषयी बोलले. 'निरीक्षणातील त्रुटी' असा एक शब्दप्रयोगही त्यांनी केला, आणि तो करताना त्यांना बरे वाटले, कारण त्यात त्रुटी होती पण ती कोणाचीच नव्हती.

पॉलिशवाल्याने गाठ मारली. "साहेब, मला यातलं काही कळलं नाही. सोपं करून सांगा."

"तुमच्या वासामुळे काही झालेलं नाही."

"ते मला माहीत आहे."

"कसं?"

त्याने हनुवटीने दाराकडे खूण केली. काकांनी पाहिले. फळ्यांच्या प्रत्येक फटीत कापडाची जाड पट्टी ठोकलेली होती. वर, खाली, चौकटीला, खिडकीच्या कडांना.

"पहिल्या वर्षी तुम्ही म्हणालात, बहरात वास नको. तेव्हापासून दोन्ही वर्षं बहराच्या दिवसांत सगळं बंद करून आत काम केलं. डोळ्यांची पार वाट लागायची. पण म्हटलं, झाड माझ्याही दारात आहे. आलं फळ तर सगळ्यांनाच येईल."

"मला का नाही सांगितलंत?"

"तुम्ही बोलावून सांगितलंत मला. विचारलं कुठे?"

काका पट्ट्यांकडे पाहत राहिले. दोन बहर वासाशिवाय गेले होते आणि दोन्ही वेळा फळ धरले नव्हते. हा प्रयोग होता. तो कोणी तरी डोळे चोळत, मन लावून केला होता, गल्लीच्या टोकाशी, त्यांच्या घरापासून हाकेच्या अंतरावर. आणि ज्यांनी तो वाचायचा, ते शेडवरून रोज कामावर जात होते. मधमाश्या येत नाहीत हेही त्यांनी सांगितले होते. माश्या येण्याच्या वेळेला ते प्रयोगशाळेत असत.

"मला फार लाज वाटते," ते म्हणाले. हे वाक्य त्यांनी पूर्वी कधी वापरलेले नसावे. ते मोठ्याने उच्चारल्यावर त्यांना स्वतःलाच परके वाटले.

"वाटत असेल," पॉलिशवाला म्हणाला, "पण मला सांगून काय उपयोग? माझ्याविषयी माझा गैरसमज नाही. त्यांना सांगा."

रविवारी शेडपुढे टेम्पो लागला तेव्हा काकांनी गल्लीला तिथेच बोलावले. त्यांच्या हातात वाकड्या झाडाची डहाळी होती. शब्दांची तयारी त्यांनी शनिवारभर केली होती, ताईने ती ऐकून घेतली आणि म्हणाली, "यात 'मी' कुठेच नाही रे." म्हणून त्यांनी ती टाकून दिली.

"मी चुकलो," ते म्हणाले. "सगळी झाडं मी एकाच झाडापासून केली. अशी झाडं एकमेकांना फळवू शकत नाहीत. हे मला माहीत असायला हवं होतं; खरं तर माहीत होतं. या माणसाच्या कामाचा फळ न धरण्याशी काडीचा संबंध नाही. दोन वर्षं त्यांनी बहरात दार बंद ठेवून काम केलं आणि तेही मी पाहिलं नाही."

 मग पहिल्या घरातल्या नर्सबाई, ज्यांनी ठरावाच्या दिवशी सगळ्यांत आधी हात वर केला होता, हळूच म्हणाल्या, "पुरावा?"

एरवी यावर हशा पिकला असता. काकांनी डहाळी पुढे केली. "हे दुसरं झाड. हिवाळ्यात याचे धुमारे आणून मधेमधे लावतो. त्याच्या आठळ्या ताईनं ओल्या वाळूत घातल्या आहेत. त्या कदाचित पुढच्या वर्षीही उगवणार नाहीत. फळ यायला वर्षं जातील. तोवर माझ्या बोलण्यावर विश्वास ठेवा, असं मी म्हणणार नाही."

"मी पण बघितलं नाहीच," नर्सबाई जमिनीकडे पाहत म्हणाल्या. "तुम्ही म्हणालात आणि मी हात वर केला." मग त्या पॉलिशवाल्याकडे वळल्या. "राहाल का?"

 त्याने टेम्पोत बांधून ठेवलेल्या कपाटाकडे पाहिले, शेडकडे पाहिले, आणि शेवटी काकांकडे. चेहऱ्यावर राग नव्हता, माफीही नव्हती.

"पक्कड चालवता येते का?" त्याने विचारले.

"येते."

"मग त्या पट्ट्या काढा आधी. खिळे जपून. फळी फाटायला नको."

काका गुडघ्यांवर बसले. खिळे लहान होते आणि हेटाळणी केल्यासारखे घट्ट बसलेले. एकेक काढायला वेळ लागत होता. मागे लोक कपाट उतरवत होते. कोणी तरी "सावकाश, सावकाश" म्हणत होते. शेवटची पट्टी सुटली तेव्हा पॉलिशवाल्याने दोन्ही दारे उघडली, स्पिरिटचा डबा पुढ्यात ओढला आणि फडके भिजवले.

वास गल्लीत आला. काका उठले नाहीत. मूठभर वाकडे खिळे हातात धरून ते त्या वासात तसेच बसून राहिले.