किरणच्या जागेवर

घरातला माणूस दर्यावर गेला की त्याचा जेवायचा पाट भिंतीला टेकवून ठेवायचा आणि तो परत येईपर्यंत त्यावर कोणी बसायचं नाही, ही प्रेमलताच्या घरची रीत होती. तिच्या सासूने ती पाळली, सासूच्या सासूने पाळली. गेलेल्याची जागा दुसऱ्याला दिली की दर्याला वाटतं, या घराला आता त्या माणसाची गरज उरली नाही. पाहुणा आला तर चटईवर बसे. खुद्द मामलेदार आला असता तरी त्याला चटईच मिळाली असती.

२००९ सालच्या नोव्हेंबरात तिचा मुलगा किरण देवगड बंदरातून गुरुदास तांडेलाच्या बोटीवर चार दिवसांसाठी गेला. प्रेमलताने नेहमीसारखा पाट भिंतीला लावला. आणि त्याच दुपारी तिच्या हातून ते घडलं.

किरणने कणकवलीहून जुना कॉम्प्युटर आणला होता. पावसात मासेमारी बंद असते, त्या दिवसांत तो त्यावर मोटारींच्या शर्यतीचा खेळ खेळायचा. एक शर्यत जिंकली की पुढची उघडायची. साठांपैकी एकेचाळीस त्याने दोन पावसाळ्यांत जिंकल्या होत्या, आणि पडद्यावर वरच्या बाजूला त्याचं नाव इंग्रजीत झळकायचं. ती पाच अक्षरं प्रेमलता ओळखायला शिकली होती. खेळायलाही शिकली होती. बाजारात मासे विकून आली की साबणाने दोनदा हात धुवायची, पदर खोचायची आणि खुर्चीत बसायची. पन्नाशी उलटलेली बाई, पण वळण आलं की गाडीबरोबर स्वतःही वळायची. त्या खेळात एक रस्ता समुद्राच्या कडेने जायचा. त्याचं चित्र दिसे, पण वर कुलूप असे.

"ती साठावी शर्यत, आये. तुझ्या नशिबात नाय," किरण हसायचा.

शेजारची वर्षाली कणकवलीला कॉम्प्युटरच्या क्लासला जायची. तिने सांगितलं की सगळ्या शर्यती जिंकलेल्या कोणाची तरी फाईल इंटरनेटवर मिळते. ती आपल्या मशीनमध्ये घातली की सगळी कुलपं उघडतात. त्या दुपारी ती फाईल पेनड्राइव्हमधून घेऊनच आली. प्रेमलता तेव्हा विळीवर नारळ खवत होती.

"काकी, हंय किरणदादाची फायल आधीच आसा. तिच्या जागी ही घालू?"

"घाल गो बाय. विचारतंस कित्याक?"

कुलूप उघडलं. प्रेमलता समुद्राच्या कडेने गाडी पळवत गेली. डावीकडे माड, उजवीकडे निळं पाणी, आणि इतका वेग की तिचा जीव हलका झाला. शर्यत संपली आणि तिची नजर वर गेली. तिथली अक्षरं किरणची नव्हती.

"वर्षाली, ह्या कोणाचा नाव?"

"ज्यान सगळ्यो शर्यती जिंकल्यो तेचा. खंयच्या देशातलो आसा कोण जाणा."

"आणि किरणाचा?"

"ता गेला. तेच्या जागेर ह्या इला. मी विचारलंय मां तुका!"

"परत हाड."

"येणा नाय, काकी. आधी एक कॉपी करून ठेवूक होयी होती. माझ्या ध्यानातच नाय ऱ्हवला."

प्रेमलताने भिंतीकडे पाहिलं. पाट होता तसाच होता. पण पोर बंदराबाहेर पडून सहा तास झाले नव्हते, तोवर तिने स्वतःच्या तोंडाने, नारळ खवता खवता, त्याची जागा कुठल्याशा परक्याला देऊन टाकली होती.

"येवढा काय झाला काकी, खेळ तो!" वर्षाली म्हणाली. तिच्या घरचे लोक शेतीवाले. तिला काय सांगणार?

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी टीव्हीवर वादळाची बातमी आली. मच्छीमारांनी किनाऱ्यावर परत यावं, असं सांगत होते. किरणचा मोबाइल लागेना. इतक्या आत रेंज नसते हे तिला ठाऊक होतं, तरी ती बटण दाबत राहिली.

सकाळी तिने वर्षालीला उठवून आणलं.

"नव्यान किरणाचा नाव घाल. मी जिंकतंय."

"एकेचाळीस शर्यती? तेका दोन पावसाळे लागले!"

"तू नाव घाल."

ती खेळायला बसली. आता खेळात मजा नव्हती. मासे कापून चिरा पडलेली बोटं बटणांवर घसरत होती. गाडी कठड्यावर आदळली की ती पुन्हा सुरुवातीपासून निघायची. बाहेर वारा वाढला. शेजाऱ्यांच्या पडवीचे पत्रे खडखडायला लागले. दुपारपर्यंत चार शर्यती झाल्या. अजून सदतीस, ती मनात म्हणाली, देवा कुणकेश्वरा, तेवढी सवड दे. पाचव्या शर्यतीत ती सगळ्यांच्या पुढे होती, शेवटचं वळण उरलं होतं, आणि वीज गेली.

ती तशीच उठली आणि बंदरावर निघाली.

बंदरावर बायका उभ्या होत्या. आठ बोटी परतल्या नव्हत्या. गुरुदास तांडेलाची बायको जानकी सगळ्यांत पुढे होती. तिच्या जिभेला बंदरावरचे दलालसुद्धा टरकायचे. प्रेमलताला पोटात ठेवणं जमेना. तिने जानकीला सगळं सांगून टाकलं.

"मशिनीतलो पाट?" जानकी ओरडली. "अगो, तुझा डोक्या फिरला काय! दर्या काय कम्प्युटर बघीत बसता?"

दोघीतिघी हसल्या. जानकीही हसली आणि मध्येच थांबली. मग हळू आवाजात म्हणाली, "परवा माझो भाऊस इल्लो. ह्यांच्या पाटार बसान पेज जेवलो. माका उठ म्हणूक जमला नाय. माहेरचो माणूस."

मागून सावित्री बोलली. तिचं लग्न होऊन वर्षही झालं नव्हतं. "मी तर घोवाक शिव्या घालून धाडलंय."

त्यानंतर कोणी हसलं नाही, कोणी कोणाकडे पाहिलंही नाही. प्रत्येकीला आपापलं काहीतरी आठवलं असावं.

रात्र सगळ्यांनी लिलावाच्या शेडमध्ये काढली. उजाडल्यावर वारा पडला आणि बंदराच्या कचेरीतला माणूस बाहेर आला. "पाच बोटी विजयदुर्गच्या खाडीत शिरल्यात," तो म्हणाला. "नावं अजून कळलेली नाहीत."

पाच. आणि परतायच्या होत्या आठ.

नावांची वाट बघायला तिघी थांबल्या नाहीत. मिळाली ती एसटी पकडली. रस्त्यात झाडं पडली होती, गाडी दर मैलाला थांबत होती. जानकी आणि प्रेमलताची माणसं एकाच बोटीवर. त्या दोघी हात धरून बसल्या. सावित्रीचा नवरा दुसऱ्या बोटीवर होता, ती पलीकडच्या बाकावर एकटी बसली होती. पाचांत आमची असूदे, प्रेमलता म्हणत होती. म्हणता म्हणता तिला कळलं की आपली असायची तर कोणाची तरी नसायला हवी. तिने सावित्रीकडे बघायचं टाळलं, पण म्हणणं थांबवलं नाही.

विजयदुर्गला किल्ल्याच्या आडोशाला बोटी लागल्या होत्या. गुरुदासाची बोट दुसरी. तिच्या केबिनचं छप्पर उडालं होतं. जानकी धावत पुढे गेली आणि नवऱ्याच्या छातीवर बुक्के मारू लागली. किरण दिसेना. प्रेमलता फळीवरून बोटीत चढली. जाळ्याच्या ढिगावर तो पडला होता, तोंड उघडं, ओठ मिठाने फुटलेले, हालचाल नाही. तिने त्याच्या नाकाखाली बोट धरलं. काही कळेना. बोट पदराला पुसून पुन्हा धरलं. ऊन ऊन श्वास लागला. किरणने माशी समजून हात झटकला आणि डोळे उघडले.

"आये? तू हंय खंय?"

"किरणा, तुझी फायल माझ्याकडसून गेली. तुझा नाव..." तिने त्याच्या कपाळावरचं मीठ पुसलं. "मी परत जिंकूक लागलंय. चार झाल्यो."

किरणचं लक्ष तिच्याकडे नव्हतं. तो तिच्या खांद्यावरून धक्क्याकडे बघत होता. तिथे सावित्री एकेका बोटीपाशी जाऊन आत वाकून बघत होती. पाचवीपाशी पोचली, आणि उलट फिरून पुन्हा पहिलीपासून बघायला लागली.

"तिका कोणी सांगूक नाय? तिच्या घोवाची बोट आमच्या समोरच बुडली," किरण म्हणाला.

प्रेमलताने नाही म्हणून मान हलवली. मग ती उठली आणि फळीवरून खाली उतरू लागली.