खारट मैदानावरचा रोलर

मी एक जुना रोलर आहे, मैदान दाबायचा. बहरीनमध्ये मनाम्याहून बुदैयाकडं जाणाऱ्या रस्त्यालगत एक कॉलेज आहे, त्याच्या भिंतीमागं मी पडलेलो असतो. मी मुळात तेलाच्या पाइपलाइनचा तुकडा. कॉलेजच्या वर्कशॉपमध्ये माझ्या पोटात सिमेंट ठासलं, दांडा जोडला, आणि तेव्हापासून मी असा आहे, जड आणि हट्टी.

मित्रांनो, तुम्ही म्हणाल, बहरीनचा रोलर मराठी कसा बोलतो? ती सगळी इंगवले सरांची कृपा. १९७९ साली सदानंद इंगवले हे कोल्हापूरचे गृहस्थ कॉलेजच्या फुटबॉल टीमचे नवे मुख्य कोच म्हणून आले. मुलांशी इंग्रजी-हिंदीत बोलायचे, पण चिडले की माझ्यावर येऊन बसायचे आणि एकटेच कोल्हापुरीत बोलायचे. ऐकून ऐकून मलाही ती भाषा आली.

टीमची अवस्था बघवत नव्हती. गेली दोन वर्षं लीगमध्ये शेवटचा नंबर. प्रिन्सिपलसाहेबांनी सरांना पहिल्याच दिवशी बजावलं, "यंदाही शेवटचे आलात तर टीम बंद. मैदानावर मोटारी लावायची सोय करू." सर "बरं" म्हणाले आणि थेट माझ्यापाशी आले. "बघू या कोण मोटारी लावतंय ते," एवढंच बोलले.

आता सरांच्या कोल्हापुरात पेठापेठांत फुटबॉल. तिकडं संध्याकाळी मैदानावर पाणी मारायचं, रात्रभर मुरू द्यायचं, सकाळी रोलर फिरवायचा, की माती कशी लोण्यासारखी होते. सरांनी इथंही मजुरांकडून तेच करून घेतलं. पण इथलं विहिरीचं पाणी खारट! उन्हानं पाणी उडालं आणि वाळूवर मिठाची पापडी धरली. दुपारी मॅचला मैदान दगडासारखं कडक आणि वर करवतीचे दात. शिरीष आमचा गोलकीपर, बँकेतल्या एका पुणेकर साहेबांचा मुलगा. त्यानं पहिलीच उडी मारली आणि दोन्ही गुडघे सोलून घेतले. त्यानंतर तो उडीच मारेना. बॉल शेजारून गेला तरी नुसता बघायचा. सीझनच्या पहिल्या तिन्ही मॅच आम्ही हरलो.

सर माझ्यावर येऊन बसले. "माझंच चुकलं की मर्दा," म्हणाले. "डोस्क्यात गावाकडची माती घिऊन आलो."

दुसऱ्या दिवशी त्यांनी सगळ्यांना गोळा केलं. म्हणाले, "यापुढं पाणी खेळायच्या आधी मारायचं आणि ओल आहे तोवर रोलर फिरवायचा. मीठ वर यायच्या आत खेळ सुरू. पण भर दुपारी मजूर येणार नाहीत, त्यांना तेवढीच सुट्टी असते. रोलर आपणच ओढायचा."

कॅप्टन होता खलफ. उंच, देखणा, मोठ्या व्यापाऱ्याचा मुलगा. तो म्हणाला, "आम्ही खेळाडू आहोत सर, हमाल नाही." बाकीच्यांनी माना डोलावल्या.

सरांनी वाद घातला नाही. पाणी मारून झालंच होतं, सरळ माझा दांडा धरला. "हल की मर्दा!" मी काय हलतोय? सर घसरून ओल्या वाळूत आपटले. पोरं हसली, सरही हसले आणि परत दांडा धरला. तेव्हा शिरीष लंगडत पुढं आला. "सर, यू कान्ट डू इट अलोन," म्हणाला आणि त्यानं दांड्याला हात लावला. दोघांनी दात-ओठ खाऊन ओढलं. मी होतो तिथंच. खलफला ते बघवेना. त्यानं बूट काढून फेकले, "यल्ला, चला!" म्हणून हाक दिली, आणि त्याच्यामागून सगळीच आली. मग कुठं मी हललो.

त्या दिवसापासून रोज भर उन्हात माझी मिरवणूक निघायची. मला ते फार आवडायचं, अगदी मनापासून सांगतो. शिरीष पुन्हा उड्या मारायला लागला. आम्ही काही मॅच जिंकलो, काही बरोबरीत सोडवल्या. शेवटच्या मॅचला आम्ही आणि समोरची टीम, दोघंही तळाशी, सारख्याच गुणांवर. जो हरेल तो शेवटचा.

त्या दुपारी शमाल वारा सुटला, उत्तरेकडून नुसती वाळू. पोरं मला ओढायची, वारा मागं वाळू टाकायचा, पोरं परत ओढायची. रेफ्री येईपर्यंत त्यांनी दांडा सोडला नाही. मॅचही तशीच खेळली. शिरीषनं किती बॉल अडवले सांगू! पण शेवटी शेवटी एक हेडर त्याच्या बोटांना लागून आत गेलाच. आम्ही हरलो. शिरीष वाळूत तोंड खुपसून रडला. खलफ त्याच्या शेजारी बसून राहिला.

दुसऱ्या दिवशी दुपारी प्रिन्सिपलसाहेबांची मोटार फाटकातून थेट मैदानाकडं आली. सोबत जागा मोजायचा टेप घेतलेला कंत्राटदार होता. इंगवले सर आत खोलीत बॉल पोत्यात भरत होते. त्यांना वाटलं, संपलं सगळं. पण मैदानावर पोरं होती. कुणी बोलावलं नव्हतं. पाणी मारून झालं होतं आणि मला ओढत ती नेमकी मोटारीच्या समोर आली. हॉर्न वाजला. पोरं थांबली नाहीत, आणि वाट सोडायचा माझा तर स्वभावच नाही. मोटारच थांबली.

साहेब खाली उतरले. "आज कुणाशी मॅच आहे?"

"कुणाशीच नाही सर," खलफ घाम पुसत म्हणाला. "पण ओल सुकायच्या आत फिरवावा लागतो. आम्हाला थांबता येणार नाही."

साहेब ओल्या मैदानाकडं बघत राहिले. मग मोटारीत बसले, ती मागं घेतली आणि फाटकाबाहेर रस्त्यावर नेऊन लावली. कंत्राटदारानं टेप गुंडाळला. सर धावत बाहेर आले ते दांडा धरायलाच.

पुढं त्या मैदानावर हिरवळ आली, पाण्याचे फवारे आले, आणि मला भिंतीमागं लोटलं. ताकाला जाऊन भांडं कशाला लपवू, वाईट वाटतं. पण पोरांचा आरडाओरडा भिंतीवरून ऐकू येतो, आणि साहेबांच्या जागी आलेले लोकही मोटारी बाहेरच लावतात. मित्रांनो, तुम्ही ज्या मैदानावर खेळता ते कुणीतरी रोज राखत असतं. एखाद्या दुपारी त्याच्या शेजारी जा आणि दांड्याला हात लावा. जड लागेल. सोडू नका.