कद्दिशला एक माणूस कमी

सरकारनं दारू बंद केली आणि न्यूयॉर्कच्या रिव्हिंग्टन गल्लीतल्या ज्यूंच्या प्रार्थनामंदिराला, सिनेगॉगला, भक्तीचा नुसता ऊत आला. शब्बाथच्या, म्हणजे शनिवारच्या पवित्र दिवसाच्या, विधीपुरती वाइन धर्मगुरूंनी, रब्बींनी, आपल्या सभासदांना द्यावी, एवढी सवलत कायद्यात होती. मग काय! लग्नानंतर ज्यांनी देवाला तोंड दाखवलं नव्हतं, तेही आता पहिल्या बाकावर.

रब्बी हिर्शेल यांना आधी बरंच वाटलं. बायकोचं, फ्रेडलचं, वर्षश्राद्ध जवळ आलं होतं. मूलबाळ नाही, तिच्यासाठी कद्दिश, मृतांसाठीची प्रार्थना, म्हणणारे हेच एकटे. आणि दहा पुरुष जमल्याशिवाय कद्दिश म्हणता येत नाही.

पण हे लोक वाइन बाहेर विकतात, हा संशय मेला एकदा शिरला की शिरलाच. हा पुटपुटतोय ती प्रार्थना, की गिऱ्हाईक पटवतोय? त्याचा खिसा का फुगलाय? मासळीवाला झेलिग तर त्यांच्या डोळ्यांत सलायचाच.

"काय रे, मागची बाटली कुठंय?"

"संपली, रब्बी. घरात माणसं फार."

"तू तर सडाफटिंग!"

"पाहुणे येतात हो."

"पाहुणे की गिऱ्हाइकं? चल, चालता हो!"

मग रब्बी दारातच एकेकाच्या तोंडाचा वास घेऊ लागले. म्हाताऱ्या लाझर शिंप्याचासुद्धा! "सत्तरीत माझं तोंड हुंगता?" म्हणत तो तणतणत पलीकडच्या गल्लीतल्या सिनेगॉगात गेला. शेवटी रब्बींनी वाइन वाटणंच बंद केलं, आणि बाकं ओस पडली.

श्राद्धाच्या संध्याकाळी रब्बींना धरून माणसं जमली नऊ. रब्बी दाराशी येरझाऱ्या घालत राहिले. कोणी फिरकेना. अखेर त्यांनी कपाट उघडलं, एक बाटली कोटाखाली दडवली आणि थेट मासळीचं दुकान गाठलं.

झेलिग सुरी पुसत होता. रब्बींनी बाटली ओट्यावर ठेवली. "घे. फ्रेडलच्या कद्दिशला चल."

झेलिगनं आधी बाटलीकडं, मग त्यांच्याकडं रोखून पाहिलं. "बाहेर पोलीस उभा केलाय का?"

"देवाशपथ नाही रे."

झेलिगनं हात धुतले, टोपी घातली. बाटलीला बोटही लावलं नाही.

"मी तापानं फणफणलो होतो तेव्हा फ्रेडलकाकू रोज सूप घेऊन यायच्या. नुसतं बोलावलं असतं तरी आलो असतो, रब्बी."

बाटली पुन्हा कोटाखाली दडवून रब्बी मान खाली घालून त्याच्या मागून चालू लागले.