वेळ काढतोय

विनीतने नितेशच्या फोटोला हार घातला, हात जोडले, पण वळायला त्याला थोडा वेळ लागला. मागे नितेशची आई, सगुणाकाकी, भिंतीला टेकून बसली होती.

"बसा सर," ती म्हणाली. "वायच पाणी घ्या. हातखंब्यापासून रस्ता सगळा खणून ठेवलाय."

मुंबईच्या चॅनेलवर फुटबॉलचं मराठी समालोचन करायला लागण्याआधी विनीत रत्नागिरीत क्लब चालवायचा. नितेश त्याला तिथेच सापडला, बचावफळीत उभा राहिला तोही त्याच्याच हाताखाली. गेल्या महिन्यात त्याच क्लबच्या अंतिम सामन्याचं समालोचन विनीतकडे आलं. क्लब एका गोलने पुढे होता, सामना संपत आला होता, आणि नितेश रेषेजवळ कोसळला. विनीत माइकवर हसून म्हणाला होता, "नितेश वेळ काढतोय. हुशार पोर आहे."

नितेश उठलाच नाही. हृदय बंद पडलं, असं डॉक्टर म्हणाले. विनीतचं ते हसू मात्र मोबाइलवर फिरत राहिलं. चॅनेलने त्याला घरी बसवलं.

"काकी, त्या दिवशी मी जे बोललो..."

"आयकलं मी. सानिकाने मोबाइलवर मॅच लावली होती."

दारात उभी असलेली सानिका, नितेशची बहीण, आत निघून गेली.

"मी मासे तळत होते. ही ओरडली, दादा पडला. तशीच धावत आले. तेवढ्यात तुम्ही बोललात. म्हटलं, सरांना ठाऊक ते आपल्याला काय ठाऊक. परत चुलीकडे गेले."

विनीत पाणी प्यायलाच नव्हता. पाण्याचा पेला हातातच होता.

"फोन येईपर्यंत माझ्यासाठी तो होता," काकी म्हणाली. "तेवढं तरी मिळालं."

मग तिने विचारलं, "खरंच करायचा तो तसं?"

"करायचा. पुढे असलो की पडून राहायचं, हे मीच शिकवलं होतं सगळ्यांना. त्याला छान जमायचं. पंचसुद्धा फसायचे."

"घरी पण तेच. विहिरीवर पाठवलं की पाय मुरगळायचा मेल्याचा."

तो शब्द तोंडातून निघून गेला होता. पदराचं टोक तिने मुठीत धरून ठेवलं.

"चॅनेलवाले म्हणतात, जाहीर माफी मागा, शब्द मागे घ्या. तरच परत कामावर घेतील," विनीत हळूच म्हणाला. "मलाही वाटतं, मागावी."

"तो गेल्यावर सगळेच चांगलं बोलले," काकी म्हणाली. "आधी तुम्हीच बोललात. हुशार म्हणालात. ते कशाला मागे घेता?"

विनीत अंगणात आला. त्याने चॅनेलला फोन लावला.

"माफी नाही मागता येणार मला."

पलीकडून आधी समजावणं झालं, मग आवाज कोरडा झाला. त्याने शेवटपर्यंत ऐकून घेतलं.

"कळलं," तो म्हणाला.

"सर, पान वाढलंय," आतून सानिकाने हाक मारली.

तो हात धुवायला मागच्या दारी गेला आणि बराच वेळ हातांवर पाणी ओतत राहिला.