सातदा मेलेल्या माणसाची मिशी

"त्या डब्याला हात लावायचा नाही. आणि का, ते विचारायचं नाही."

दुबईत अलीमियाँच्या घरी मुलांना बोलता येण्याआधी हा नियम कळायचा. त्या बिस्किटाच्या डब्यात राहणारी मी एक मिशी. खोटी, पण खऱ्या केसांची.

१९२४ साली सोव्हिएत संघाच्या ओडेसा बंदरात एका बाईनं जाळीवर एकेक केस गुंफून मला घडवलं. मला ओठावर लावलं बुऱ्हाननं. तो रत्नागिरीकडचा खलाशी; तापानं फणफणला म्हणून कप्तान त्याला किनाऱ्यावर सोडून गेला होता. सावळा चेहरा बघून सिनेमावाल्यांनी त्याला उचललं. चित्रपट मुके, त्यामुळे भाषेची अडचण नव्हती. सुलतानाचा पहारेकरी, तुर्की सावकार, गोऱ्यांचा शिपाई... आम्ही नऊ चित्रपट केले, त्यांतल्या सातांत मेलो. पडद्यावर त्याचं नाव एकदाच आलं, तेही चुकीचं. मग पडदा बोलायला लागला. बुऱ्हानचं रशियन मोडकंतोडकं. काम संपलं, आणि मला डब्यात घालून तो गावी परतला.

तो वारल्यावर घरात कुजबुज सुरू झाली. वेगवेगळ्या वेषांतले पाच फोटो, मागे रशियन अक्षरं, वर खोटी मिशी. हेरच असणार! डबा गावी ठेवावा तर कुणी बघेल, फेकावा तर कुणी उचलेल. म्हणून त्याचा मुलगा अलीमियाँ मला दुबईला घेऊन आला. तिथल्या देरा बाजारातल्या त्याच्या कपड्यांच्या दुकानात रशियन गिऱ्हाइकं येऊ लागली, तसा तो त्यांना बघून मागच्या खोलीत पळायला लागला. मीही संशयी झाले. झाकण करकरलं की वाटायचं, आता जाळतात.

१९९८ साली झाकण उघडलं अलिनानं, अलीमियाँच्या मुलीनं. कॉलेज संपवून घरी बसवलेली. शुक्रवारी तिला बघायला पाहुणे येणार होते. गुरुवारी तिनं एक फोटो दुकानातल्या रशियन बाईपुढे धरला. बाईनं मागची अक्षरं वाचली आणि टाळी वाजवली. "किनो! आर्टिस्ट!" किनो म्हणजे सिनेमा.

शुक्रवारी, पाहुण्यांच्या ऐन वेळेला, अलिनानं डबा टेबलावर आपटला.

"अब्बा, दादाजान स्पाय नव्हते. ॲक्टर होते!"

"हळू बोल. मला ठाऊक आहे."

"काय?"

तिच्या हमीदाफुफीनं, अलीमियाँच्या बहिणीनं, मान खाली घातली. "आमच्या लहानपणी मिशी लावून ओटीवर सिनेमातली सातही मरणं मरून दाखवायचे गो. आम्ही हसायचो. मग गावही हसायला लागला. हेर म्हटलं की कोणी हसत नाही."

इतकी वर्षं मला वाटलं, ही माणसं घाबरतात. ही तर लाजत होती!

"तोंडाला रंग लावणारा बाप पाहुण्यांना सांगू?" अलीमियाँ म्हणाला. "डबा आजच खाडीत. खलास."

"नो, अब्बा. ते सातदा मेलेत. आठव्यांदा मी मारू देणार नाही."

तिनं पर्समधून खोट्या पापण्या चिकटवायचा गोंद काढला आणि मला आपल्या ओठावर दाबलं. कित्येक वर्षांनी मला श्वासाची ऊब लागली.

"अगो, काढ ती!" तिची आई जहांआरा किंचाळली. "लिफ्ट आली!"

बेल वाजली. अलिनानंच दार उघडलं.

"या, बसा. मी अलिना. बुऱ्हान ॲक्टरची नात."

दारातले वडीलधारे गप्प. घरातलेही गप्प. मला ती शांतता ओळखीची होती. माझे नऊही चित्रपट असेच होते.