मा. चार

मुख्याध्यापक बाईंनी श्वास आत ओढला, खांदे मागे घेतले, तरी कोटाचं बटण काजापासून चार बोटं लांबच राहिलं.

उद्या त्यांच्या निवृत्तीचा समारंभ होता आणि त्यांना हाच कोट घालायचा होता. बारा वर्षांपूर्वी अप्पा शिंप्यांनी शिवलेला. अप्पांच्या मुलीने "बसा, बघते" म्हटलं खरं, पण तिचा धीर सुटला होता. तसलं कापड आता औषधालाही मिळत नव्हतं.

तिने अप्पांची मापांची वही उघडली. गिऱ्हाइकाचं व्यंग अप्पा कधी तोंडावर बोलत नसत, वहीत आद्याक्षरांनी लिहीत. 'उ.खां.खा.' म्हणजे उजवा खांदा खाली, 'पो.पु.' म्हणजे पोट पुढे. ही लिपी ती चोरून शिकली होती. कारण अप्पांनी तिला शिवणातलं काही म्हणता काही शिकवलं नाही. ती हट्टाने शिवणवर्गाला गेली, तेव्हा त्यांनी आठवडाभर तिच्याशी अबोला धरला होता.

बाईंच्या पानावर होतं 'मा. २'. आता हे काय? मान म्हणावं, तर कॉलरचं माप वेगळं लिहिलेलं. मांडी म्हणावं, तर कोटाला मांडी कशाला? तिने पानं उलटली. क्वचित कुणापुढे 'मा. १' दिसे. मग तिचंच पान आलं. मुलगी, वय अकरा, शाळेचा कोट, 'मा. ४'.

एवढा आकडा अख्ख्या वहीत कुणाचा नव्हता. तिचे कान तापले. त्याच वर्षी ती अप्पांना उलटून बोलली होती, तुमच्या हातचा नको, दुकानातला आणा. माज, दुसरं काय! बाईंचा दोन आणि पोटच्या पोरीचा चार. अप्पांचा काही नेम नव्हता.

अप्पा मागच्या खोलीत खिडकीशी बसले होते. झटका आल्यापासून उजवी बाजू लुळी पडली होती आणि तोंडात भलतेच शब्द येत. चहा हवा असला की ते छत्री मागत. तिने वही त्यांच्यापुढे धरली.

"अप्पा, हे मा म्हणजे काय?"

"बादली," अप्पा ठामपणे म्हणाले.

"माज का?"

अप्पांच्या कपाळाला आठ्या पडल्या. वैतागून त्यांनी डाव्या हाताने तिच्या कुर्त्याचं टोक ओढून उलटं केलं. कुर्ता तिने स्वतः शिवला होता, आतल्या शिवणीला जेमतेम पाव इंच कापड. वर्गात त्याला मार्जिन म्हणत. अप्पांनी त्यावर अंगठा फिरवला आणि नकारार्थी मान हलवली. आता इथेही खोटच काढायची होती तर! ती वही घेऊन बाहेर आली.

"सापडली का माया?" बाईंनी विचारलं.

"कसली माया?"

"अगं, शिवणीत जास्तीचं कापड राखतात ना, ते. अप्पा म्हणाले होते, बाई, दोन्हीकडे दोन-दोन बोटं माया ठेवलीय, अंग भरलं तर सोडता येईल."

तिने अस्तर उसवलं. आत दोन बोटं कापड दुमडून ठेवलेलं होतं, कोऱ्या रंगाचं.

मशीन चालवताना तिला तो शाळेचा कोट आठवत राहिला. अकरा ते सोळा, एकच कोट. मैत्रिणी हसायच्या आणि ती अप्पांना चिक्कू म्हणायची. दर वर्षी तो अंगाला बसतो कसा, हा प्रश्न तिला कधी पडलाच नव्हता. डोळे भरून आले आणि टीप थोडी वाकडी गेली, ती तिने पुन्हा घातली.

बाई कोट घालून, बटण लावून गेल्या. ती टेप घेऊन मागे गेली. अप्पांचा सदरा अंगावर लोंबत होता, आत माणूस निम्मा राहिला होता. छाती, बाही, उंची, सगळं तिने घेतलं आणि वहीच्या नव्या पानावर लिहिलं. अप्पा, उ.खां.खा., मा. ४.

अप्पांनी पान जवळ ओढलं आणि त्या शेवटच्या 'मा.'वर बोट ठेवलं.

"छत्री," ते म्हणाले.

"ठेवते," म्हणत तिने दोन कपांचं आधण ठेवलं.