डाव्या डोळ्यातली स्वच्छ फिल्म

मी एका म्हाताऱ्याच्या डाव्या डोळ्यातलं भिंग बोलतोय. बोलतोय म्हणणं कितपत बरोबर, याची मला शंकाच आहे. मला नस नाही, रक्त नाही, मी स्वतः काही बघतही नाही. बुबुळामागे बसून आलेला प्रकाश मागच्या पडद्यावर पोचवायचा, एवढंच माझं काम. ते मी नीट केलं नाही, म्हणून हे सांगतोय.

माझा जुळा भाऊ उजव्या डोळ्यात होता. आम्ही दोघं आईच्या पोटातच तयार झालो. आमच्यावर वर्षानुवर्षं नवे थर चढतात, जुना एकही गळत नाही. जन्माआधीचा थर अजून माझ्या गाभ्यात आहे. सत्तरी ओलांडलेल्या माणसात एवढं जुनं दुसरं काय असेल, मला माहीत नाही.

आमचे मालक एक्स-रे वाचणारे डॉक्टर. पडदे ओढलेली खोली, भिंतीवर उजेडाची पेटी, पेटीवर छातीची फिल्म. करड्यातून करडं वेगळं काढायचं, हा त्यांचा धंदा. चाळीस वर्षं लोक त्यांच्या नजरेवर विसंबले आणि ते आमच्यावर.

मग आम्ही गढूळ व्हायला लागलो. हे इतकं हळू होतं की कोणाच्या लक्षात येत नाही, आमच्याही नाही. प्रकाश सरळ जायचा तो आमच्यात विखरू लागला आणि सगळ्या चित्रावर राखेसारखा पसरू लागला. ठळक गोष्टी तरीही दिसत. डोळ्यांच्या डॉक्टरीणबाई मालकांच्याच विद्यार्थिनी. त्यांच्या तक्त्यावरची काळी अक्षरं मालकांनी शेवटच्या ओळीपर्यंत घडाघडा वाचली.

"सर, अजून एक तक्ता आहे. फिकट अक्षरांचा," बाई म्हणाल्या.

"शेवटची ओळ वाचली ना? मग झालं," म्हणत मालकांनी कोट चढवला.

घरी ते आणि त्यांची थोरली बहीण, दोघंच. संध्याकाळी ताई करडी शाल पांघरून करड्या पडद्यापुढच्या खुर्चीत बसायच्या. मालकांना खुर्ची रिकामी दिसायची आणि रिकाम्या खुर्चीतून आवाज यायचा, "दिवा लाव की रे." दारात कोणी उभं राहिलं तर अंगावर कपडे दिसत, वर केस दिसत, मधे चेहरा नसे. मालक त्या बिनचेहऱ्याच्या माणसाशी हसून बोलत आणि आवाजावरून नाव ओळखत. भीती वाटते, असं ते कोणाला म्हणाले नाहीत. पण बुबुळ कसं ताणलं जायचं ते मला कळत होतं.

अशात ताईंना खोकला लागला. दवाखान्यात प्रत्येक फिल्म दोन डॉक्टरांनी वाचायची, हा नियम मालकांनीच घालून दिलेला. पण बहिणीची फिल्म ते घरी घेऊन आले. टेबलावरची जुनी पेटी लावली आणि एकट्यानंच बघितली. पेटीचा पांढरा उजेड आम्हा दोघांत शिरला. आम्ही तो चोहीकडे उधळला.

"स्वच्छ आहे," मालक म्हणाले.

"बघ हं नीट," ताई म्हणाल्या.

"चाळीस वर्षं काय केलं मी?"

पुढे एकदा त्यांनी पांढऱ्या कपात दूध ओतलं. कप भरलेला त्यांना कळेना. दूध टेबलावरून पायांवर आलं. "माझा खोकला राहू दे, आधी तुझे डोळे दाखव," म्हणत ताईंनीच त्यांना डॉक्टरीणबाईंकडे नेलं. या वेळी दुसरा तक्ता लावला. सगळी अक्षरं सारखीच मोठी, पण खाली खाली फिकट होत जाणारी. तिसऱ्या ओळीपाशी मालक थांबले.

"खाली कोरंच आहे."

"नाही सर. खाली अजून पाच ओळी आहेत."

ताईंनी तिथेच मोतीबिंदूच्या ऑपरेशनच्या तारखा घेतल्या, दोन डोळ्यांच्या दोन.

भावाला आधी नेलं. मला पलीकडून बारीक घरघर ऐकू आली. त्याचे तुकडे करून ते शोषून घेतले आणि त्याच्या जागी कारखान्यातलं पारदर्शक भिंग बसवलं. ते माझ्याशी बोलत नाही.

दुसऱ्या दिवशी पट्टी निघाली. काळं किती काळं असतं ते बघून मालक दचकले. मग त्यांनी ताईंकडे पाहिलं.

"तू एवढी वाळलीस कधी?"

"चार महिने झाले की. तू स्वच्छ म्हणालास, मग मीही बोलले नाही."

त्या दुपारी त्यांनी दार लावून पेटी पेटवली आणि जुनी फिल्म वर चढवली. डावा डोळा मिटला: गळ्याच्या हाडाखाली शर्टाच्या बटणाएवढी सावली. उजवा मिटला: काही नाही. पुन्हा डावा मिटला. होती. पुन्हा उजवा. नव्हती. मी काही केलं नाही, नुसता बसलो होतो.

आठवडाभर रोज दुपारी हेच चाललं. बघून झालं की शेवटी ते उजवा डोळा मिटून, नुसत्या माझ्यातून, बराच वेळ फिल्मकडे बघत राहायचे. माझी तारीखही त्यांनी फोन करून पुढे ढकलली.

एकदा दार नीट लागलं नव्हतं.

"फिल्मला डोळे काय मारतोयस?" मागून ताई म्हणाल्या. मग जवळ आल्या. "माझीच ना ती?"

मालकांनी उजव्यानं दिसणारं सांगितलं आणि डाव्यानं दिसणारंही.

"मग खरा डोळा कुठला?"

"उजवा."

"तर डाव्याला कशाला सांभाळतोयस? कोट घाल. दवाखान्यात दोघंजण वाचतील."

दवाखान्यात नवी फिल्म दोघांनी वाचली. सावली वाढली होती. उपचार होतील म्हणाले, आधी सुरू झाले असते तर बरं होतं, असंही म्हणाले. मालकांनी तिथेच, ताईंसमोर, सांगितलं की पहिली फिल्म त्यांनी एकट्यानं वाचली होती. ताईंनी त्यांची बाही धरली आणि घरी येईपर्यंत सोडली नाही.

उद्या सकाळी मला काढतील. तुम्ही हे वाचताय, तर एवढं करा. एक डोळा मिटा, समोरच्या माणसाचा चेहरा बघा, मग दुसरा मिटून बघा. दोन वेगवेगळे चेहरे दिसले, तर तक्त्यावरची शेवटची ओळ वाचता येते म्हणून गप्प बसू नका.

आज सकाळी ताई खिडकीपाशी गोळ्या घेत होत्या. मालकांनी उजव्या डोळ्यावर तळवा ठेवला आणि माझ्यातून त्यांच्याकडे पाहिलं. माझ्यातून त्यांच्या गालाचा खड्डा दिसत नाही, गळ्याची हाडं दिसत नाहीत. माझ्यातून त्या अजून ठणठणीत आहेत.

मग त्यांनी तळवा काढला.